सव्वा फ्रेम

दूरचित्रवाणीसाठी आपल्याकडे चित्रण होतं ते सेकंदाला २५ फ्रेमच्या हिशेबानं. एक फ्रेम म्हणजे ४० मिलिसेकंद. एडिटरचा सगळा जन्म या चाळीस मिलिसेकंदांच्या अलीकडे-पलीकडे जातो. कट एक फ्रेम आधी मारला तर उडी तुटल्यासारखी दिसते, एक फ्रेम उशिरा मारला तर तीच उडी ढिली पडते. ६ ऑगस्ट २०२२ रोजी बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेत अविनाश साबळे ३००० मीटर स्टीपलचेस ८ मिनिटं ११.२० सेकंदांत धावला आणि दुसरा आला. पहिल्या आलेल्या केनियाच्या अब्राहम किबिवोटची वेळ होती ८ मिनिटं ११.१५ सेकंद. दोघांत पाच शतांश सेकंदांचा फरक. टाइमलाइनवर मांडला तर सव्वा फ्रेम.

साबळेची सबंध शर्यत १२,२८० फ्रेमची आहे. त्यात अठ्ठावीस अडथळे आणि पाण्यावरच्या सात उड्या. १९९८ पासून राष्ट्रकुलमध्ये या शर्यतीची तिन्ही पदकं केनियाचे धावपटूच घेऊन जात होते. ती साखळी बीड जिल्ह्यात, आष्टी तालुक्यातल्या मांडवा गावच्या मुलानं तोडली. मी एडिटिंगचं काम करतो, संभाजीनगरला राहतो, आणि ही शर्यत मी फ्रेम-फ्रेम पुढे सरकवत कितीतरी वेळा पाहिली आहे. ती सव्वा फ्रेम डोळ्यांना दिसत नाही. फोटो-फिनिशच्या कॅमेऱ्याला दिसते, पंचांना दिसते. माणसाला दिसतात फक्त एका रेषेवर झोकून दिलेली दोन शरीरं.

दिसत नाही ती गोष्ट प्रेक्षकाच्या अंगावर आणायची, हे माहितीपटाच्या एडिटरचं काम. ती येते आधीच्या आयुष्याच्या जोरावर. आईवडील वीटभट्टीवर राबणारे, शाळा पाच-सहा किलोमीटर लांब आणि तिथवर पायी किंवा पळत जायचं. बारावी झाल्यावर सैन्यात, ५ महार पलटण, सियाचेनची नेमणूक. २०१५ नंतर सैन्याच्या क्रॉसकंट्री शर्यतींमधून धावणं सुरू झालं. २०१८ मध्ये भुवनेश्वरला त्यानं गोपाल सैनींचा सदतीस वर्षांचा राष्ट्रीय विक्रम मोडला. ही सगळी माहिती आज कुणालाही मिळते. बर्मिंगहॅमच्या अंतिम रेषेवर तर जगभरचे कॅमेरे होते. पण मांडव्याच्या शाळेच्या वाटेवर कॅमेरा न्यायला कुणापाशी काही कारणच नव्हतं.

माझं सगळं म्हणणं या शेवटच्या वाक्याभोवती आहे. खेळाच्या माहितीपटाचं खरं भांडवल म्हणजे निकाल लागायच्या आधी घेतलेलं चित्रण. निकालानंतर सगळेच पोचतात. गावच्या वेशीवर मिरवणूक निघते, गुलाल उडतो, आई ओवाळते, मंत्री पेढा भरवतात, आणि तेवढ्यावर पाच मिनिटांची बातमी होते. माहितीपट होत नाही. म्हणून या धंद्यात ज्याला आयुष्य घालवायचं आहे, अशा इथल्या मुलाला किंवा मुलीला ‘आधी मुंबई गाठ’ हा जो सल्ला सर्रास मिळतो, तो मला उलटा वाटतो. मुंबईत निकाल येतो. निकालाच्या आधीचा काळ इथे आहे: गारखेड्याच्या विभागीय क्रीडा संकुलात, विद्यापीठ परिसरातल्या भारतीय क्रीडा प्राधिकरणाच्या (साई) केंद्रात, आमखास मैदानाच्या धुळीत.

मुंबईत क्रीडा वाहिन्यांकडे एडिटरला काम भरपूर आहे, हे मी नाकारत नाही. तिथला वेग शिकण्यासारखा असतो. विकेट पडल्यावर पुढचा चेंडू पडायच्या आत तिचा तुकडा तयार लागतो. पण ते काम आणि माहितीपटाचं काम एकाच यंत्रावर होत असलं तरी त्यांची दिशा वेगळी आहे. हायलाइटचा एडिटर निकालाकडे जाणारी वाट छोटी करत जातो. माहितीपटाच्या एडिटरला तीच वाट परत लांब करायची असते, निकाल ठाऊक असलेल्या प्रेक्षकाला तो क्षणभर विसरायला लावायचा असतो.

खो-खोचं घ्या. मराठवाड्याच्या मातीतला खेळ आहे. धाराशिवच्या सारिका काळेनं २०१६ च्या दक्षिण आशियाई स्पर्धेत भारताचं नेतृत्व करून सुवर्ण आणलं आणि २०२० मध्ये तिला अर्जुन पुरस्कार मिळाला. या खेळाचं प्रक्षेपण पाहा: कॅमेरा पळणाऱ्या मुलीच्या मागे पळतो, खांबावरचा सूर दिसला की तोच तीनदा दाखवतो. पण खेळ चाललेला असतो बसलेल्या आठ जणींमध्ये. एकीआड एक, विरुद्ध दिशांना तोंडं करून त्या चौकोनात उकिडव्या बसलेल्या असतात. टाच उचललेली, हाताची बोटं मातीला टेकलेली, मान न वळवता डोळ्यांच्या कोपऱ्यातून मागचा पायरव ऐकणं चाललेलं. होय, डोळ्यांनी ऐकणंच म्हणायला हवं त्याला. पाठीवर थाप पडून ‘खो’ कानावर येईपर्यंत तिनं हलायचं नाही. अशा एका बसलेल्या मुलीवर मी एकदा सलग चाळीस सेकंदांचा शॉट ठेवला होता. पळणाऱ्या दोघी तिच्या पुढून-मागून फक्त सावलीसारख्या जातात. तिला त्या डावात खो मिळतच नाही. हायलाइटमध्ये या शॉटला जागा नाही. माहितीपटात त्याच्याशिवाय खो-खो कळणार नाही.

निकालाबाहेर पाहणारे एडिटर-दिग्दर्शक जगात होऊन गेले आहेत आणि त्यांना त्याची किंमतही मोजावी लागली आहे. १९६४ च्या टोकियो ऑलिंपिकवर कोन इचिकावांनी केलेला ‘टोकियो ऑलिंपियाड’ आयोजकांना रुचला नव्हता. त्यांना विजेत्यांची आणि वास्तूंची नीट नोंद हवी होती. इचिकावांनी मात्र चाडसारख्या नवस्वतंत्र देशातून आलेल्या एका धावपटूच्या एकटेपणावर वेळ खर्च केला. त्याला पदक मिळालं नाही. त्या ऑलिंपिकमधले कित्येक विजेते लोक विसरले, पण चित्रपट पाहिलेला माणूस त्या धावपटूला विसरत नाही. ‘हूप ड्रीम्स’ची गोष्ट मला याहून जवळची. शिकागोतल्या दोन शाळकरी मुलांवर अर्ध्या तासाची छोटी फिल्म करायची म्हणून स्टीव्ह जेम्स आणि त्याचे सहकारी गेले, आणि पाच वर्षं तिथेच राहिले. सुमारे अडीचशे तासांचं चित्रण झालं, त्यातून १९९४ मध्ये पावणेतीन तासांच्या आसपासचा चित्रपट निघाला. दोन्ही मुलं व्यावसायिक बास्केटबॉलच्या सर्वोच्च पातळीवर कधीच पोचली नाहीत. ऑस्करला त्याला नामांकन मिळालं ते संकलनासाठी. माहितीपटाच्या गटात तो नव्हताच. अडीचशे तासांतून पावणेतीन तास निवडणाऱ्यांचं ते काम होतं, एवढं तरी मान्य झालं.

आता पैशाची बाजू. आपल्याकडे ‘निर्माता’ म्हटलं की पैसे घालणारा शेठ डोळ्यांसमोर येतो. माहितीपटात निर्मात्याचं मुख्य काम पैसा जमवण्याइतकंच धीर टिकवण्याचं आणि हक्क सांभाळण्याचं असतं. १९७४ मध्ये झाईरला झालेल्या मुहम्मद अली आणि जॉर्ज फोरमन यांच्या लढतीचं चित्रण लिऑन गास्टनं केलं. पैसे आणि कायद्याच्या कटकटींत ते अडकलं आणि ‘व्हेन वी वेअर किंग्ज’ पडद्यावर यायला १९९६ साल उजाडलं. बावीस वर्षं. एवढ्या काळात ती रिळं कुणीतरी जपली म्हणून चित्रपट झाला.

जपणं हा शब्द मी मुद्दाम वापरतो, कारण आपल्याकडे घोडं तिथेच अडतं. १८ जून १९८३ ला टनब्रिज वेल्सच्या मैदानावर झिंबाब्वेविरुद्ध १७ धावांत पाच गडी बाद झाल्यावर कपिलदेवनं नाबाद १७५ धावा केल्या. त्या खेळीचं चित्रणच नाही; त्या दिवशी बीबीसीत संप होता, असं सांगतात. हा किस्सा आपण चाळीस वर्षं हळहळत सांगतो. पण मराठवाड्यात असा संप रोजचाच आहे. मी नवखा असताना एका स्थानिक केबल वाहिनीत कामाला होतो. शालेय खो-खो स्पर्धेचे तीन दिवस मी मिनी-डीव्हीवर घेतले होते, नऊ टेपा. महिन्याभरानं कपाट उघडलं तर त्यातल्या सात टेपांवर उद्घाटनांची भाषणं घेतलेली. नव्या टेपा आणायला पैसे नव्हते, म्हणून जुन्याच वापरल्या. कुणाचा वाईट हेतू नव्हता. तिथे कुणालाच ते चित्रण पुढे कधी लागेल असं वाटत नव्हतं, मलाही नीटसं वाटत नव्हतं. नाहीतर मी टेपा घरी नेल्या असत्या. त्या स्पर्धेतल्या मुली आज आया झाल्या असतील. त्यांच्या मुलींना दाखवायला दोन टेपा उरल्या आहेत.

दुसरं उदाहरण या शहराच्या अगदी मनातलं आहे. डिसेंबर २००१, मोहाली, इंग्लंडविरुद्धची पहिली कसोटी. भारताकडून तिघांनी पदार्पण केलं: टिनू योहानन, इक्बाल सिद्दिकी आणि संजय बांगर. सिद्दिकी तेव्हाच्या औरंगाबादचा, बांगर बीडचा. एका कसोटीत मराठवाड्याची दोन पोरं एकदम! बांगर एकूण बारा कसोटी खेळला, पुढे संघाचा फलंदाजी प्रशिक्षक झाला. सिद्दिकीची ती पहिली आणि शेवटची कसोटी. एक विकेट मिळाली. आणि शेवटी जिंकायला पाच धावा हव्या असताना या वेगवान गोलंदाजाला सलामीला पाठवलं, तर पाचही धावा त्यानंच काढल्या. एवढ्या एका गोष्टीवर तासाभराचा सुंदर माहितीपट उभा राहील. पण करायला बसलात तर काय हाती आहे? मोहालीचं चित्रण प्रक्षेपणाच्या हक्कदारांकडे. त्याचे पैसे द्यायचे ते सेकंदाच्या भावानं, आणि ते इथल्या कुठल्याही निर्मात्याच्या आवाक्यातले नसतात. आणि मोहालीच्या आधीची दहा वर्षं, इथल्या मैदानांवर मॅटवर टाकलेली हजारो षटकं? ती ज्यानं घेऊन ठेवली असती त्याच्याकडे त्यांची पूर्ण मालकी असती, फुकटात. म्हणजे निकालाआधीचं चित्रण कलेच्या दृष्टीनंच नव्हे, व्यवहाराच्या दृष्टीनंही लहान गावच्या निर्मात्याचं एकमेव भांडवल आहे. पदकाचा क्षण विकत घ्यावा लागतो. त्याच्या आधीची सकाळ ज्यानं घेतली त्याची असते. तेंडुलकरवर एवढं चित्रण उपलब्ध असूनही २०१७ च्या ‘सचिन: अ बिलियन ड्रीम्स’मध्ये मन गुंतून राहतं ते घरच्या व्हिडिओंत. आणि पदार्पणाच्या आधीच त्या कोवळ्या सचिनसमोर मुलाखत घ्यायला बसलेला अभिनेता टॉम आल्टर आपण आजही पुन्हा पुन्हा बघतो. त्या मुलाखतीत विशेष असं काही बोललेलं नाही. पुढे काय होणार हे दोघांनाही माहीत नाही, हेच तिचं मोल.

यावर रास्त प्रश्न येतो: कोण मोठं होणार हे माहीत नसताना पाच-पाच वर्षं कुणाच्या मागे कॅमेरा घेऊन हिंडायचं? आणि तोवर चूल कशी पेटायची?

चुलीचं उत्तर मला लग्नांनी दिलं. हे सांगताना आमच्यातल्या पुष्कळांना संकोच वाटतो, मला वाटत नाही. लग्नसराईत घरभाडं निघतं, लेन्सचा हप्ता फिटतो. शिवाय लग्नाचं शूटिंग करणारा माणूस हा मराठवाड्यातला खेळाच्या चित्रणासाठी सर्वांत तयार झालेला माणूस आहे, असं माझं ठाम मत आहे. मंगलाष्टकं संपतात, ‘सावधान’ म्हणतात, अंतरपाट दूर होतो. तो क्षण पुन्हा मागता येत नाही. मांडवात प्रकाश धड नसतो, अक्षता लेन्सवर पडतात, मामा मधे उभे असतात, बँड सुरू झालेला असतो, आणि तरी दोघांचे डोळे एकमेकांवर पडतात ते त्याला मिळवावंच लागतं. रिटेक नसलेल्या कामाची इतकी कडक तालीम कुठल्या संस्थेत मिळणार? आणखी एक गोष्ट त्याला येते, जी क्रीडा वाहिनीच्या कॅमेरामनला क्वचित येते: सगळे नवरा-नवरीकडे बघत असताना मुलीच्या बापाकडे बघायचं असतं, हे त्याला ठाऊक असतं. मैदानावरही बघायचं असतं ते तिकडेच. साखळीच्या कुंपणाला बोटं अडकवून उभा असलेला बाप, स्टॉपवॉच खिशात घालून पाठ फिरवलेले सर.

कुणाच्या मागे हिंडायचं, या प्रश्नाचं माझं उत्तर असं की माणसाच्या मागे हिंडायचंच नाही, जागेशी इमान धरायचं. हे मला अजिंठ्यानं सुचवलं. सतराव्या लेण्यातल्या जातकांपुढे उभं राहिलं की पहिल्यांदा गोंधळायला होतं. कथा सुरुवातीपासून शेवटापर्यंत सरळ जात नाही. तिथल्या चित्रकारांनी पुष्कळदा प्रसंग काळानुसार न लावता ठिकाणानुसार लावले आहेत: राजवाड्यातलं सगळं एकीकडे, अरण्यातलं सगळं दुसरीकडे, मग त्यात वर्षांचं अंतर का असेना. एडिटरसाठी हा फार मोठा धडा आहे. एक धावपट्टी धरा. दर आठवड्याला एक सकाळ, दहा वर्षं. मुलं येतील, उंच होतील, जातील. काही पोलीस भरतीत, काही सैन्यात, काही मुली बोहल्यावर. पाचशे मुलांतलं एखादं पुढे जाईलही. गेलं तर तुमच्याकडे असं काही असेल जे जगात कुणाकडे नाही. न गेलं तरी त्या एका जागेवरून गेलेला दहा वर्षांचा काळ तुमच्या हाती असेल, आणि तोही चित्रपट आहे. कदाचित अधिक खरा.

यात एक धोका आहे आणि तो झाकून मला पुढे जायचं नाही. ज्यांना अजून कुणी ओळखत नाही, ती मुलं कॅमेऱ्याला नाही म्हणू शकत नाहीत. बारा वर्षांची मुलगी हरून रडते तेव्हा ते रडणं माझ्या चित्रपटासाठी मोलाचं आणि तिच्यासाठी तिचं स्वतःचं असतं. दुसऱ्या टोकाला मायकेल जॉर्डन आहे. शिकागो बुल्सच्या १९९७-९८ च्या हंगामाचं पडद्याआडचं चित्रण त्याच्या परवानगीशिवाय वापरायचं नाही या अटीवर झालं आणि वीस वर्षं बंद राहिलं. २०२० मध्ये ‘द लास्ट डान्स’ आला तेव्हा त्याची स्वतःची कंपनी निर्मितीत सामील होती, आणि केन बर्न्ससारख्या ज्येष्ठानं त्यावर जाहीर आक्षेप घेतला. जॉर्डनला जास्तच अधिकार होता, आमच्या मैदानावरच्या पोरीला मुळीच नसतो. मी एक रीत ठेवली आहे. घरी जाऊन आईवडलांपाशी बसायचं, लेखी परवानगी घ्यायची, आणि मूल अठरा वर्षांचं झालं की त्याला सगळं दाखवून परत विचारायचं. तेव्हा ते नको म्हणालं तर नको. ‘हूप ड्रीम्स’वाल्यांनी मिळालेल्या नफ्यात त्या दोन मुलांच्या घरांना वाटा दिला होता. ते औदार्य नव्हतं, हिशेब होता; त्या घरांनी पाच वर्षं आपली दारं उघडी ठेवली होती.

पुण्यात १९६० पासून फिल्म इन्स्टिट्यूट आहे, तिथे संकलन शिकवतात. आता आमच्या शहरातही फिल्म शिकवणाऱ्या संस्था आहेत आणि अजिंठा-वेरूळ चित्रपट महोत्सवाला तरुण मुलं रांगा लावतात. या मुलांना यंत्र माझ्यापेक्षा चांगलं येतं. त्यांना येत नाही, आणि कुणी शिकवतही नाही, ती नोंद ठेवणं. कोणत्या तारखेला, कोणत्या मैदानावर, कोण कितव्या लेनमध्ये, वारा होता का, कोण बघायला आलं होतं. माझ्याकडे शंभर पानी वह्या आहेत, सध्या अकरावी चालू आहे. प्रत्येक डिस्कच्या दोन प्रती. एक माझ्याकडे, एक जालन्याला बहिणीच्या कपाटात साड्यांखाली. विद्यापीठानं, क्रीडा संकुलानं, एखाद्या महाविद्यालयानं एक थंड खोली आणि एक माणूस एवढं दिलं तर ही साठवण माझ्या बहिणीच्या कपाटावर अवलंबून राहणार नाही. मागणी एवढीच आहे आणि ती मी भेटेल त्याच्याकडे करतो.

गेल्या वर्षी गारखेड्याच्या धावपट्टीवरच्या एका मुलीनं धावणं सोडलं. चार वर्षं ती माझ्या वहीत होती. आठशे मीटर, बहुतेक वेळा सहावी-सातवी. नर्सिंगला प्रवेश मिळाला, सकाळचा सराव जमेना. अठरा पूर्ण झाली म्हणून ठरल्याप्रमाणे मी लॅपटॉप घेऊन तिच्या घरी गेलो. तिच्या चार वर्षांचे अकरा मिनिटांत लावलेले तुकडे होते. आई पदर तोंडाला लावून बघत होती. मुलगी मात्र अगदी स्थिर, मधेच थांबवायला सांगायची, मागे न्यायला सांगायची. एका शर्यतीच्या शेवटच्या वळणावर तिनं बोट ठेवलं. तिथे तिच्या पुढे एक निळ्या टी-शर्टातली मुलगी आहे, फ्रेमच्या कडेला, अर्धीच दिसते.

“काका, ही पैठणची. हिला मागे टाकायचं म्हणून मी ते सगळं वर्ष पळले,” ती म्हणाली. “तिचं पण घेतलंय ना तुम्ही?”

वही काढली. घेतलं होतं, दुसऱ्या डिस्कवर, जालन्याला.